संगम शेवटी

मित्रांनो, डोली म्हटलं की तुमच्या डोळ्यांपुढे नवरी येत असेल, जरीची झालर येत असेल. तसलं काही माझ्या नशिबी नव्हतं बरं. मी म्हाताऱ्यांची डोली. वेळूचा एक लांब दांडा, त्याला टांगलेला फणसाच्या लाकडाचा पाट, काथ्याच्या दोरीने विणलेली पाठ आणि वर मांजरपाटाचा पडदा, एवढाच माझा थाट. आता तर तोही राहिला नाही. गुरांच्या मांगरात मला आढ्याला टांगून ठेवलं आहे आणि वाळवी सवडीने माझा पाट खात बसली आहे. खाऊ दे बापडी! पण मी पुरती संपायच्या आत तुम्हांला ही हकिगत सांगितली पाहिजे. ती माझी आहे तशी धाकूचीही आहे, आणि धाकू काही ती सांगणार नाही. एके काळी त्याच्या तोंडाला खळ नसे. आता तो कामापुरतंसुद्धा बोलत नाही.

आमचं गाव धारसंगम. रत्नागिरीच्या मुलखात, डोंगरातून आलेल्या दोन नद्या जिथे मिळतात आणि मिळून खाडीवाटे समुद्राला जातात, तिथलं. गाव लहान, पण देव फार. त्या देवांची सांजेची फेरी करायला लांबलांबून माणसं येत. उन्हं उतरली की निघायचं. आधी वेशीवरचा गणपती, मग भैरी, मग धारेश्वराचं शिवालय, मग सतीची शिळा, साधूची मठी, आणि दिवेलागणीला संगम. हा क्रम ठरलेला. संगम शेवटी. धडधाकट माणसं पायी फिरत. ज्यांचे गुडघे गेले, ज्यांना जांभ्या दगडाच्या पायऱ्यांची पाखाडी चढवत नाही, ती माझ्यात बसत.

मला धाकूने स्वतः उभं राहून सुताराकडून करवून घेतलं होतं. पुढे तो, मागे त्याचा धाकटा भाऊ शिवा. धाकूचा खांदा पोलादी आणि जीभ रसाळ. चालता चालता तो प्रत्येक देवाची कथा सांगायचा, आणि अशी रंगवून सांगायचा की पायी चालणारे लोकही आपली वाट सोडून आमच्या मागे यायचे. भैरीच्या रागाची गोष्ट सांगताना स्वतःच असे डोळे वटारायचा, की म्हाताऱ्या पदर तोंडाला लावून हसत. "धारसंगमला जाल तर धाकूच्याच डोलीत बसा," असं रत्नागिरीच्या बाजारात लोक म्हणत म्हणे. दसऱ्याला धाकूची बायको काशी माझ्या दांड्याला हळदकुंकू लावी, झेंडूची माळ घाली. मित्रांनो, खोटं कशाला सांगू, मला तेव्हा गर्व झाला होता. धाकूलाही झाला होता. त्याला वाटे, फेरी म्हणजे आपणच.

स्वराज्य येऊन सहा-सात वर्षं झाली होती. एस.टी. नवीनच सुरू झाली होती आणि माणसांचा लोंढा वाढला होता. त्या कार्तिकात भाट्याहून गंगुबाई आली. काडीसारखी बारीक, पांढरं लुगडं, हातात कमळाच्या पानाचा द्रोण आणि त्यात तुपात भिजवलेली वात. बरोबर तिचा पुतण्या आत्माराम होता. तो मुंबईला कारकून होता आणि रजेवर आलेला होता.

गंगुबाईचा एकुलता एक मुलगा महिपत गलबतावर खलाशी होता. वादळात गलबत गेलं. बाकीच्यांची प्रेतं तरी किनाऱ्याला लागली, महिपतचं लागलं नाही. आता आमच्याकडे अशी रीत आहे, की समुद्राने ज्याला परत दिलं नाही त्याच्या नावाने संगमावर दिवा सोडायचा, आणि तो त्याच्या रक्ताच्या माणसाने सोडायचा. पण दिवा सोडायचा ओहोटीच्या पाण्यावर. ते पाणी समुद्राकडे जातं. एकदा भरती लागली की दिवा मागे फिरतो, आणि फिरलेला दिवा पोचला असं कुणी मानत नाही. हा एक दिवा सोडायला गंगुबाई कित्येक वर्षं आत्मारामच्या मागे लागली होती. आज नको काकी, पुढच्या रजेत बघू, असं करता करता तिचे पाय गेले, दम लागायला लागला. तेव्हा कुठे तिला आणलं होतं.

ती माझ्यात बसली आणि पहिलंच वाक्य बोलली, "बाबा, मला आधी संगमावर ने."

धाकू हसला. "आये, असा उलटा जाऊन चालत नाय. फेरी म्हंजे फेरी. आधी देव, मग पानी. तुझा पुण्य मी वाटेत सांडू काय?"

"देव काय पळून जातात काय रे? मला दम नाय."

"दम मला हाय ना! तू बस निवांत. दिवेलागणीला बरोब्बर घाटावर ठेवतो तुला."

पेठेच्या तोंडाशी मजीद भेटला. मजीद आमच्या घाटावरचा तरवाला, होडीतून माणसं पलीकडे नेणारा. धाकूचा लहानपणापासूनचा दोस्त. द्रोण बघून तो थांबला आणि म्हणाला, "धाकू, आज पाणी लवकर फिरतंय हां. दिवा सोडाचा असला तर पयला घाटावर चल. फेरी मागनं कर."

"तू तुझी होडी बघ, मजीद. फेरी मला शिकव नको."

हे थट्टेत झालं. मजीदही हसला आणि गेला. पण माझ्या पाटावर बसलेल्या गंगुबाईने ते ऐकलं होतं. तिचे हात माझ्या दोरीला घट्ट धरून होते.

गणपती झाला. भैरी झाला. तिथून बाहेर पडताना ती पुन्हा म्हणाली, "आता तरी चल रे बाबा." आत्माराम म्हणाला, "काकी, एवढी आलीस तर नीट सगळं बघून घे की. पुन्हा येणं होतंय का?" मग ती गप्प बसली. म्हातारी माणसं अशीच गप्प बसतात, मित्रांनो. ती रागावत नाहीत, नुसती मागणं थांबवतात.

धारेश्वरापाशी त्या दिवशी खूप गर्दी होती. धाकूला गर्दी दिसली की चेव यायचा. मला त्याने दगडी चौथऱ्यावर टेकवलं आणि शिवालयाची कथा सुरू केली. राजा कसा आला, कारागीर कसे रुसले, एका रात्रीत कळस कसा उभा राहिला. लोक भोवती जमले. आत्माराम टाळ्या देऊन हसत होता. कुणी म्हणालं, पुन्हा सांगा. धाकूने तो रुसव्याचा भाग पुन्हा सांगितला. आणि पडद्याच्या आत गंगुबाई वातीवरून हलकेच बोट फिरवत होती, ती वाळली तर नाही ना बघत होती.

"पाण्याचा आवाज येतो," ती अगदी हळू म्हणाली. तिचं ते बोलणं मला एकटीलाच ऐकू आलं.

मग आम्ही निघालो. सतीच्या शिळेकडे जाताना पाखाडीचं एक अवघड वळण आहे. तिथे ते झालं. कसं कळलं म्हणाल, तर सांगते. जिवंत माणूस कितीही थकलेलं असो, थोडा भार स्वतःचा स्वतः पेलतं. वळणावर सावरतं, चढावर पुढे झुकतं. त्या वळणावर गंगुबाई सावरली नाही. तिचा सगळाच्या सगळा भार माझ्या दोऱ्यांवर आला. एवढीशी बाई, पण जड झाली. मी करकरले. जीव तोडून करकरले. मला दुसरं काय येतं?

"शिवा, हिला तेल पायजे रं," धाकू म्हणाला.

आणि तो बोलत राहिला! सतीच्या शिळेवरच्या हाताची कथा त्याने तिला सांगितली. मठीतल्या साधूची कथा सांगितली. "आयकतेस ना गो आये? रुसलीस काय माझ्यावर?" असं विचारून स्वतःच हसला. खांद्यावर दांडा, तोंड पुढे, पाठीमागे पडदा. त्याला काय दिसणार? मेलेल्या बाईला तो देव दाखवत चालला होता आणि मला ओरडून सांगता येत नव्हतं. आयुष्यभर मुकी असल्याचं वाईट मला तेवढं एकदाच वाटलं.

मठीच्या मागून पाखाडी खाली घाटावर उतरते. तिथे धाकू थांबला. "हा बग आये, आला तुझा संगम." त्याने मला खाली ठेवलं आणि पडदा बाजूला केला.

तिची मान खांद्यावर कलली होती. द्रोण मांडीवर, आणि बोटं द्रोणाभोवती.

आत्माराम "काकी, काकी" करत खाली बसला आणि रडायला लागला. शिवा मात्र व्यवहारी. त्याने आधी इकडेतिकडे पाहिलं. पाखाडीवर कुणी नव्हतं. तो हळू आवाजात म्हणाला, "दादा, आयक माझा. ज्या डोलीत माणूस मेला, तिच्यात फेरीचा माणूस पुन्हा बसल काय? हिला मठीच्या ओट्यावर ठेव. सांगूया, ओट्यावर टेकली आनि गेली. कोनाला कळनार नाय."

खरंच होतं त्याचं. अशी डोली अपशकुनी ठरते. आत्मारामही डोळे पुसत म्हणाला, "ठेवा हो. काकी तर गेलीच. तुमचं पोट का मारायचं?"

धाकूने गंगुबाईची कललेली मान सरळ केली. मग म्हणाला, "दर देवळाशी सांगत होती ती. संगमावर ने, संगमावर ने. मी तिला गोष्टी सांगत बसलो. उचल शिवा."

"दादा, हातचा धंदा जाईल!"

"जाऊ दे मसणात. उचल म्हणतो ना!"

आणि त्याने पडदा ओढून घेतला नाही. उघड्या डोलीतून, सगळ्या लोकांदेखत, त्याने गंगुबाईला घाटावर नेलं. पायऱ्यांवरची माणसं बघता बघता बाजूला झाली. बायकांनी पोरांना पोटाशी धरलं. गुरव ओरडला, "अरे धाकू, फेरीच्या डोलीत मेलेला माणूस आणलास? वेड लागलं काय तुला?" धाकूने कुणाकडे पाहिलं नाही. त्याने मला अगदी पाण्याला लावून ठेवलं. माझा पाट खालून भिजला.

मशिदीतून बांग ऐकू येत होती. मजीद होडीतून उतरला, बाईकडे बघून त्याने टोपी सारखी केली आणि काही पुटपुटला. वाऱ्यात आत्मारामची काडी पेटेना. मजीदने होडीतला कंदील पुढे धरला आणि त्यावर वात लागली. रक्ताचं माणूस आता तोच होता. "महिपत," असं म्हणून त्याने द्रोण पाण्यावर ठेवला.

पाणी हललं नाही. ओहोटी संपली होती. दिवा जागच्या जागी फिरला, एकदा थोडा पुढे गेल्यासारखा झाला आणि पायरीला येऊन लागला. धाकूने गुडघाभर पाण्यात उतरून तो पुढे लोटला. तो परत आला. पुन्हा लोटला. तेव्हा तो माणूस ढसाढसा रडला. "थोडा आधी आलो असतो तर, मजीद! थोडा आधी!"

मजीदने "मी सांगितलं होतं" असं म्हटलं नाही. त्याने द्रोण अलगद उचलला, होडीत ठेवला, वाऱ्याच्या बाजूने हाताचा आडोसा केला. "खाडीच्या तोंडापत्तूर मी नेतो," एवढंच म्हणाला आणि भरतीच्या उलट वल्हवत गेला. वळणापर्यंत उजेड दिसत होता. पुढे तो जळत गेला की विझला, ते मजीदने कधी सांगितलं नाही आणि धाकूने कधी विचारलं नाही.

त्यानंतर माझ्यात कुणी बसलं नाही. गुरवाने सांगितलं म्हणून काशीने गोमूत्र शिंपडलं, दोऱ्या नव्या घातल्या, पडदा बदलला. यात्रेकरू जवळ येत, कुणी तरी त्यांच्या कानाला लागे, आणि ते दुसऱ्या डोलीकडे वळत. त्यांचा राग तरी कसा करू? शिवा मुंबईला गोदीत गेला. धाकू चिरेखाणीत जांभा फोडू लागला आणि मी इथे मांगरात आले. काशी कधी गुरांना गवत घालायला आली की माझ्या दांड्यावरची कोळिष्टकं काढते आणि बोलते, म्हणून मला बाहेरचं थोडंफार कळतं.

ती सांगते, संध्याकाळी खाणीवरून सुटला की धाकू थेट घरी येत नाही. तसाच जांभ्याच्या लाल धुळीने भरलेला वेशीपाशी उभा राहतो. एस.टी.तून कुणी पाय ओढत उतरलं, की पुढे होऊन विचारतो, "आये, तुला पयला कुठं जायचा हाय?" ती सांगेल तिथे तिला हाताला धरून नेतो. वाटेत देव लागला तरी थांबत नाही. कथा एकही सांगत नाही.

मित्रांनो, जुन्या वस्तूंना जपा, असं मी तुम्हांला सांगावं, अशी तुमची अपेक्षा असेल. माझं काही नको हो. मला जपून आता काय मिळणार? पण तुमच्या घरात कुणी थकलेलं माणूस असेल, तर आजच त्याच्याजवळ बसा आणि त्याला कुठे जायचंय ते विचारा. आणि त्याने सांगितलं, की तुमचे सगळे देव राहू द्या बाजूला. त्याला आधी तिथे न्या.