हळदबाबांचा पिवळा कौल

शेगडीवर धरलेल्या कागदावर पंजा उमटायला लागला आणि आमच्या सोसायटीच्या पटांगणातली सगळी गर्दी माना उंचावून बघू लागली. आधी बोटांची टोकं उमटली, मग तळवा. कोरा पांढरा कागद, त्यावर ना शाई ना रंग, आणि बघता बघता गडद जांभळा हात! गर्दीतून "आई गं" असा आवाज निघाला. माझ्याही तोंडून निघाला असता, पण तो हात माझाच होता.

"पाहा," हळदबाबा कागद उंच धरून म्हणाले, "मास्तरांच्या मनात जे भरलंय, ते हाताला काही लपवता आलं नाही. बेटा, शंका बहुत है तुझमें. शंका म्हणजे काळजाला लागलेली बुरशी!"

माझ्याच शाळेतल्या पोरांचे आईबाप पोट धरून हसले. मी रामदास मास्तर, सुरतेतल्या मराठी शाळेत इतिहास शिकवतो. बाबांच्या गादीसमोर जाऊन "हे सगळं थोतांड आहे" असं म्हणण्याचा आगाऊपणा मी केला होता. त्याचं उत्तर बाबांनी माझ्याच हातानं माझ्या थोबाडीत मारलं.

आमची सोसायटी म्हणजे खानदेशच. धुळ्या-जळगावकडची माणसं इथे येऊन लूमवर, कापड रंगवायच्या प्रोसेस हाउसमध्ये लागली आणि इथलीच झाली. दोन वर्षांपूर्वी प्लेगच्या भीतीनं जवळजवळ सगळे गावाकडे पळाले होते. परतले ते मनात धाक घेऊनच. तेव्हापासून आमच्याकडे बाबा, बापू, माताजी अशी रांगच लागली. हळदबाबा त्यातले सगळ्यात ताजे. सुरतेबाहेर पलसाण्याला त्यांचा मठ होता. पांढऱ्या मारुती व्हॅनमधून ते यायचे. त्यांचं म्हणणं सोपं होतं. हात कागदावर दाबा, कागदाला धुनीची, म्हणजे या शेगडीची, ऊब द्या. हात शुद्ध असेल तर कागदाला हळद लागेल, पापी असेल तर जांभळं फुटेल. मांस-मच्छी खाणाऱ्याला हळद कधीच लागणार नाही, हेही ते दर पाच मिनिटांनी बजावत.

तुम्ही म्हणाल, कागदातच काहीतरी असणार. तुमच्याआधी चिंधाअण्णांनी तेच म्हटलं होतं. चिंधाअण्णा प्रोसेस हाउसमध्ये रंगमास्तर. कापडाचा तुकडा बघून यात कुठला रंग किती पडलाय ते सांगणारा माणूस. त्यांनी बाबांचा कागद पाण्यात भिजवला, चुरगाळला, पांढऱ्या फडक्यावर घासला, जिभेलासुद्धा लावून पाहिला. मग सगळ्यांसमोर निकाल दिला, "कागदमा रंग नही. मी धुई पाह्यं." झालं! रंगाच्या कारखान्यात आयुष्य घालवलेल्या माणसांना आणखी कुठला दाखला हवा? रंग नसताना रंग येतो म्हणजे चमत्कारच. सोसायटी निर्धास्त होऊन बाबांच्या पायावर पडली.

मला हसून सोडून देता आलं असतं. पण माझ्यामागोमाग धनश्रीला पुढे बोलावलं.

धनश्री ही धुडकूआबांची मुलगी, माझी जुनी विद्यार्थिनी. बारावी झाली होती, नर्सिंगला नंबर लागला होता, पुढच्या महिन्यात कोर्स सुरू व्हायचा होता. चार घरं पलीकडच्या योगेंद्रशी तिची सोयरीक ठरत आली होती आणि दोघंही खुशीत होती. योगेंद्रच्या आईनं, शोभाबाईंनी, फक्त एवढंच म्हटलं होतं की सुपारी फोडण्याआधी बाबांचा कौल घेऊ. हळदीचा कौल मिळाला तर खऱ्या हळदीला कोण अडवणार?

योगेंद्रचा हात पिवळा आला. छान, उजळ, वाटलेल्या हळदीसारखा पिवळा. बायकांनी टाळ्या वाजवल्या. मग धनश्रीनं हात दाबला. उन्हातून धावत आलेली मुलगी, कपाळावरचा घाम पुसत पुढे झालेली. तिचा पंजा माझ्यापेक्षाही गडद जांभळा उमटला.

बाबांनी डोळे मिटले. "हळद रुसली आहे. पोरीच्या हातावर कुणाचा तरी शाप आहे. हा हात ज्या घरात जाईल तिथे चूल विझेल." मग डोळे उघडून, आवाज मऊ करून म्हणाले, "उपाय आहे ने, गभराओ मत. एक वर्ष मठात राहून सेवा. पुढच्या रविवारी मी स्वतः गाडीतून घेऊन जाईन."

"मठात एकटी?" मी विचारलं.

"तिथे देव असतो, मास्तर."

मी आणखी विचारणार होतो. धुडकूआबा मात्र हात जोडून उभे होते. शोभाबाई म्हणाल्या, "आबा, बाबा सांगतीन तसं करा. नहीतर सोयरीक ऱ्हाऊ द्या." योगेंद्र चपलेनं माती उकरत होता. धनश्री स्वतःच्या तळहाताकडे अशी पाहत होती, जणू तो कुणा दुसऱ्याचाच आहे.

घरी येऊन मी बायकोसमोर आदळआपट केली. माझी बायको वृषाली कॉलेजात रसायनशास्त्र शिकवते आणि मी चिडलो की निवांत भाजी निवडत बसते.

"जांभळा ना?" ती म्हणाली. "शेगडीच्या उबेनंतर? मग त्यात काही नाही. निनहायड्रिन असेल. त्याच्या द्रावणात कागद बुडवून वाळवला की कागद कोराच दिसतो. आपल्या घामात अमिनो आम्लं असतात. ती लागली, ऊब मिळाली, की जांभळं होतं. पोलीस असेच कागदावरचे ठसे शोधतात. तुमचा पण उमटला असेल."

"उमटला," मी म्हणालो. "पण योगेंद्रचा पिवळा आला."

वृषालीच्या हातातली गवारीची शेंग तशीच राहिली. "पिवळा? नक्की? मळकट नव्हे, पिवळा?"

"हळदीसारखा."

"अगं बाई!" ती उठूनच उभी राहिली. लग्नाला इतकी वर्षं झाली, माझ्याकडे बघून तिचे डोळे कधी असे चमकले नव्हते. "अहो, हे बघा. प्रथिन म्हणजे माळ आणि अमिनो आम्लं म्हणजे तिचे मणी. बहुतेक सगळे मणी या परीक्षेत जांभळे होतात. प्रोलिन नावाचा एक आहे, तो पिवळा होतो. आणि त्याचाच एक भाऊ आहे, हायड्रॉक्सीप्रोलिन. तो माळेत ओवायच्या नेहमीच्या मण्यांत नसतोच! माळ ओवून झाल्यावर शरीर परत येतं आणि ठरावीक मण्यांना वरून ऑक्सिजनची टिकली लावतं. त्या टिकलीमुळे माळेचे पदर एकमेकांना घट्ट बिलगतात. ती लावायला क जीवनसत्त्व लागतं, ते नसेल तर हिरड्यांतून रक्त येतं. निसर्गात असे बदललेले मणी ठिकठिकाणी सापडतात. समुद्रातल्या गोगलगाईच्या विषात, बेडकाच्या कातडीत…"

"वृषाली, बाबा बेडूक नाहीत."

"तेच म्हणतेय. तो पिवळा रंग बाबांनी बाहेरून आणलाय. हातावर तो भरपूर असला की घामाचं जांभळं त्यात दबून जातं. योगेंद्रच्या हाताला आधी काही लावलं होतं का?"

मी आठवून पाहिलं. लावलं होतं! चांदीच्या गडव्यातलं तीर्थ. योगेंद्रच्या तळहातांवर ओतून, चोळून, सुकू दिलं होतं. शोभाबाई जुन्या भक्त, त्यांच्या घरावर कृपा जास्त. धनश्रीला तीर्थ दिलं नव्हतं, मला तर नाहीच नाही.

"चला," वृषाली परत गवार घेऊन बसली. "हायड्रॉक्सीप्रोलिनची बाटली आमच्या कॉलेजात आहे. पण आत्ता कुणाला काही सांगू नका. सांगितलं तर भांडण होईल. लोकांना डोळ्यांनी बघू दे."

पुढच्या रविवारी पटांगणात पाय ठेवायला जागा नव्हती. व्हॅनच्या मागच्या सीटवर धनश्रीची पेटी ठेवून झाली होती. धुडकूआबा माझ्याजवळ येऊन हळूच म्हणाले, "मास्तर, मन्ही पोरनी कोन्हं काय वाईट कयं?" मी त्यांचा हात धरला.

वृषाली पदर सावरून पुढे गेली. बाबांना वाकून नमस्कार केला. माझी बायको वाकली हे पाहून मला भोवळ यायची बाकी होती.

"महाराज, पोरगी जाण्याआधी आमच्याही दोनचार जणांचा कौल घ्याल का? कागद तुमचेच."

बाबा खूश झाले. "क्यूं नहीं? लाव बेन, लाव."

वृषालीनं शेजारच्या मीराबाईंना खूण केली. मीराबाईंच्या कडेवर त्यांची तान्ही नात होती. तिचं गुबगुबीत पाऊल कागदावर टेकवलं, कागद उबेवर धरला. चिमुकला, सुबक, जांभळा पाय उमटला.

"पोर अजून कुशीला वळत नाही," मीराबाई भडकल्या. "हिनं कसलं पाप केलं?"

"मागच्या जन्मीचं," बाबा तत्काळ म्हणाले. "मागच्या जन्मी ही सावकारीण होती."

गर्दीनं माना डोलावल्या. माझा धीर सुटला, वृषालीचा सुटला नाही. तिनं पिशवीतून टोमॅटो काढला, चिरला आणि फोड कागदावर दाबली. ऊब लागताच असा जांभळा डाग पडला की धनश्रीचा त्यापुढे फिका.

"आणि हा, महाराज? हा मागच्या जन्मी कोण होता?"

कुणीतरी मागे फिस्सकन हसलं. बाबांचं नाक लाल झालं. "टोमॅटो तामसी! लाल चीज सगळी तामसी!"

"बरं. मग शेवटचा हात. उखाभाऊ, या पुढे."

आता गर्दी मोकळेपणानं हसली. उखाभाऊंना सोसायटीत सगळे ओळखतात. दारूबंदीच्या गुजरातेत राहूनही हा माणूस रोज तर्र असतो. पत्त्यांत बायकोची पाटली घालवलेली, आणि मटण तर शेजारच्या घरी शिजलं तरी हा ताट घेऊन हजर. वृषालीनं छोट्या बाटलीतलं पाण्यासारखं काहीतरी त्यांच्या तळहातांवर ओतलं, चोळायला लावलं, सुकू दिलं. उखाभाऊंनी लाजत लाजत हात दाबला. चिंधाअण्णांनी स्वतः कागद शेगडीवर धरला.

पिवळा. लखलखीत पिवळा. उखाभाऊंची पाचही बोटं हळदीत न्हाऊन निघाली.

"मन्हा हात?" उखाभाऊंनी कागद हिसकावून घेतला. "माय वं! आते हाऊ कागद बायकोले दखाडस!"

हशाचा असा स्फोट झाला की बाबांचा जयजयकार करणारेही त्यात सापडले. वृषालीनं हात वर केला. "आता ऐका. ह्या बाटलीत जे आहे, तेच महाराजांच्या तीर्थात आहे. कागद कोरा दिसतो, पण त्याला औषध लावलेलं आहे. घामाशी ते जांभळं होतं, माणूस साधू असो की चोर. बाळाच्या पायाला घाम, टोमॅटोच्या रसात तीच आम्लं. आणि हे पिवळं करणारं द्रव्य कुठून काढतात सांगू? जनावरांच्या कातड्या आणि हाडं उकळून. मांस खाणाऱ्याला हळद लागत नाही म्हणे! ह्या हळदीला झाड कधी दिसलेलंच नाही."

चिंधाअण्णा कागदाकडे टक लावून पाहत होते. मग त्यांनी कपाळावर हात मारला. "अरे, हे तं आपलं नेप्थॉल रंगाईचं काम! एका टाकीमा कापड बुडाडतस, रंग दिखस नही. दुसरी टाकीमा घालं का लालभडक! मी कागद धुया, पन घाम धुया नही." एवढा मोठा रंगमास्तर, पण आपल्या हातावरचा घाम हीच दुसरी टाकी आहे हे त्यांच्या ध्यानात आलं नव्हतं.

"महाराज," वृषाली म्हणाली, "तुमचा हात साबणानं धुवा, मग त्याच हातानं कपाळाचा घाम पुसा आणि कागदावर दाबा. तीर्थ नको."

बाबांना अचानक मठातली आरती आठवली. ते व्हॅनकडे निघाले. गडवा तिथेच राहिला, तो घ्यायलाही मागे वळले नाहीत. धुडकूआबांनी धावत जाऊन आधी पेटी खाली ओढली. बाबा पूर्वी सुरतेजवळच्या सचिन गावच्या औद्योगिक वसाहतीत कुठल्याशा प्रयोगशाळेत बाटल्या धूत होते, असं नंतर कानावर आलं. खरंखोटं मला माहीत नाही.

पटांगणात एकदम सणासारखं झालं. शोभाबाई पुढे आल्या, धनश्रीच्या गालावरून हात फिरवत म्हणाल्या, "चाला, झालं गेलं. आजच सुपारी फोडूत." योगेंद्रही हसत पुढे आला. सगळे टाळ्या वाजवायच्या बेतात होते.

"थांबा," धनश्री म्हणाली. आठवडाभरात मी तिचा आवाज पहिल्यांदा ऐकत होतो. "वृषालीताईंना त्या पिवळ्या डागाची माहिती नसती, तर?"

टाळ्यांसाठी वर झालेले हात खाली आले.

"तर मी आत्ता त्या गाडीत बसले असते. ताईंनी रसायन ओळखलं. तुम्हाला ते येत नाही, ठीक आहे. पण मला तर तुम्ही ओळखत होतात ना? मी इथेच वाढले. प्लेगमध्ये सगळे पळाले तेव्हा मागे राहिलेल्या ह्या शोभामावशींच्या सासूला पाणी मी पाजलं. तेव्हा हा हात कुणाला शापित वाटला नाही." मग तिनं योगेंद्रकडे पाहिलं. "आणि तुला तर नक्कीच माहीत होतं."

योगेंद्रनं मान खाली घातली. "भूल थई गई," तो पुटपुटला.

"मी आधी नर्स होते," ती म्हणाली. "तोवर तू प्रश्न विचारायला शीक. मग बघू." पेटी तिनं स्वतः उचलली आणि घराकडे चालू लागली. धुडकूआबा तिच्यामागे डोळे पुसत जात होते.

वाचकहो, त्या दिवशी मला वाटलं होतं की आम्ही जिंकलो. धनश्रीनं ते खोडून काढलं, आणि बरं केलं. दर गल्लीत निनहायड्रिन ओळखणारी बाई सापडेल असं नाही. पुढचा बाबा दुसरीच बाटली घेऊन येईल आणि ती कदाचित वृषालीलाही ओळखता येणार नाही. तेव्हा युक्ती कळली नाही तरी चालेल. "मला हे कळत नाही, म्हणून मी हे मानत नाही," एवढं म्हणता आलं तरी पुरे. आणि जेव्हा एखादा कागद एक सांगेल आणि डोळ्यांदेखत वाढलेलं माणूस दुसरं, तेव्हा आधी माणसाला विचारा. आमच्या पटांगणात त्या दिवशी इतकी माणसं होती, पण "पोरी, तुझं काय म्हणणं आहे?" असं तिला कुणीही विचारलं नव्हतं.