जुळल्या दातांचा लॅपटॉप

आमच्या घरात स्लॅबची खोली एकच, बाकी सगळे पत्रे. मार्च लागला की पत्र्याखाली माणूस भाजून निघतं, आणि मोबाइलची रेंज तर तिथं अजिबात येत नाही. म्हणून लग्न होऊन या घरात आल्यापासून, म्हणजे तीन वर्षं, मी माझे दोन लॅपटॉप घेऊन त्या खोलीत बसते आणि पुण्यातल्या एका कंपनीचं काम करते. 'बसते' हा शब्द माझा नाही, घरादाराचा आहे. काकासाहेबांची सून काय करते? बसते. त्यामुळे खोलीत कुणीही कधीही येतं. मी मीटिंगमध्ये असताना सासूबाई माझ्या पाठीमागे शेवया वाळत घालतात, आणि पुण्याचे लोक मला विचारतात की ते काय लोंबतंय.

माझं काम सांगायला अवघड नाही, ऐकायला कुणी थांबत नाही इतकंच. कॉम्प्युटरची ऑपरेटिंग सिस्टिम म्हणजे हजारो लहानमोठ्या प्रोग्रॅमांचा संसार. त्या एकेकाला पॅकेज म्हणतात. ही पॅकेजं अशी बनवलेली असतात की पंधरा वर्षांपूर्वीच्या प्रोसेसरवरही ती चालली पाहिजेत. त्यामुळे होतं काय, नव्या प्रोसेसरला ओंजळीनं शेंगा उचलता येत असल्या तरी प्रोग्रॅम त्याला एकेक शेंग उचलायला सांगतो, आणि तो बिचारा एकेक उचलत राहतो. मी तीच पॅकेजं नव्या प्रोसेसरसाठी ओंजळीच्या हिशोबानं पुन्हा बांधते. मग ती तेच काम जरा लवकर करतात. जरा म्हणजे किती, हे विचारू नये. काही दुप्पट पळतात, बहुतेकांना उगीच नावापुरता फरक पडतो, आणि काही तर उलट हळू होतात. कोणतं पॅकेज कसं वागतं ते पाहायलाच मला अगदी सारखे दोन लॅपटॉप दिलेत. एकावर जुनी पॅकेजं, दुसऱ्यावर माझी.

माझे सासरे, काकासाहेब, यांना आयुष्यात एकाच गोष्टीचा नाद, शंकरपटाचा. शंकरपट म्हणजे बैलजोडी हलक्या छकडीला जुंपून सरळ रेषेत पळवायची शर्यत. बैल डोळ्यासमोरून जातो न जातो तोच खेळ संपतो, आणि त्यावर मामा वर्षभर बोलतात. सासऱ्यांना आमच्याकडे मामाच म्हणतात. या वर्षी मामांनी वजीर नावाचा बैल आणला. पांढराशुभ्र, अंगावर माशी बसली तरी कातडी थरथरवणारा. आल्या दिवशी त्यांनी जाहीर केलं की वजीरला पत्र्याखाली ऊन सोसणार नाही, त्याला स्लॅबच्या खोलीत बांधायचं.

"मामा, मग मी कुठं बसू?" मी विचारलं.

"तुला बसायचंच हाये ना? कुठं बी बस."

माझं डोकं सटकलं. एरवी मी सासऱ्यांसमोर आवाज चढवत नाही, पण त्या दिवशी चढला. "मी बसत नाही मामा, मी पळवते. तुम्ही बैल पळवता, मी मशीन पळवते."

मामा थबकले. या घरात तीन वर्षांत माझ्या कुठल्याही वाक्यानं ते थबकले नव्हते. त्यांनी मला समोर बसवून घेतलं आणि पहिल्यांदा सगळं ऐकलं. ओंजळीचं उदाहरण त्यांना लगेच पटलं. "म्हंजे एकावर तुझा हात फिरलेला हाये, दुसऱ्यावर न्हाई," ते म्हणाले. "मंग तुझं पुढं निघत असंल."

"निघतं. पण डोळ्याला दिसेल इतकं नाही."

"डोळ्याला दिसत न्हाई ते कशाचं पळणं?" मामांनी मिशीवरून हात फिरवला. "पुढच्या आठवड्यात पट हाये आपल्या गावात. दोन्ही मशिनी घेऊन ये पटावर. तुझ्या हातचं पुढं निघालं त खोली सोडली मी. न्हाई निघालं त वजीर आत."

माझा नवरा भारत जालन्याला लोखंडाच्या कारखान्यात शिफ्टवर असतो. त्याला फोन केला, म्हटलं तुझ्या वडिलांना समजाव. तो म्हणाला, "हो म्हण जल्दी. ते न्हाई म्हणायच्या आत." खोली गेली म्हणजे रेंज गेली, आणि रेंज गेली म्हणजे नोकरी गेली, हे त्यालाही कळत होतं. म्हणून मी हो म्हटलं.

पटाचे मुख्य पंच मच्छिंद्रतात्या. शब्दाला पक्के, सख्ख्या भावाचा बैल बाद करणारे. ते आदल्या दिवशी घरी आले, चहा घेतला आणि म्हणाले, "दात दाखव."

बैलाचं वय दातावरून ठरतं. दोनदाती, चारदाती, सहादाती, आणि सगळे दात आले की जुळलेला. असमान वयाची जनावरं एकमेकांविरुद्ध पळवता येत नाहीत. तात्यांना दोन्ही मशीन एकाच वयाची आहेत याची खातरी हवी होती. मी दोन्हींच्या पडद्यावर प्रोसेसरला काय काय येतं त्याची यादी आणली. इंग्रजी अक्षरांची गर्दी. तात्यांनी चष्मा लावला, एक बोट या पडद्यावर ठेवलं आणि एक त्या पडद्यावर, आणि ओळीमागून ओळ खाली नेली. कुठंही फरक निघाला नाही.

"जुळलेले हायेत दोघं बी," ते म्हणाले. खरं सांगते, पुण्याच्या मुलाखतीत मला प्रोसेसरच्या पिढ्यांबद्दल इतकं नेमकं कुणी विचारलं नव्हतं.

मग तात्यांनी काम ठरवलं. गेल्या वर्षीच्या पटाचा व्हिडिओ फार मोठा होता, फोनवर जात नव्हता. दोन्ही मशीननं तो लहान करायचा, जे आधी करील ते जिंकलं. व्हिडिओ लहान करणारे प्रोग्रॅम आधीच हुशार असतात. ते सुरू होतानाच प्रोसेसर कसला आहे ते स्वतः बघतात आणि ओंजळीनं उचलायला लागतात. त्यांना माझ्या हाताची गरजच नसते. हजारो पॅकेजं सोडून तात्यांनी नेमकं तेच निवडलं होतं जिथं माझ्या तीन वर्षांच्या मेहनतीला किंमत नव्हती.

"तात्या, दुसरं काही काम द्या ना."

"बैल म्हणतो का, दुसरी छकडी द्या म्हणून?" तात्या उठले. "काम ठरलं म्हंजे ठरलं."

पटाच्या दिवशी दुपारी बैलांना विसावा असतो, तेव्हा आमची पाळी लागली. अंकुशनगरच्या साखर कारखान्याकडे जाणारे उसाचे ट्रॅक्टर रस्त्याच्या कडेला लावून ड्रायव्हरसुद्धा पाहायला आले. सुरुवातीच्या दोरीवर दोन टेबलं मांडली होती. एक बाभळीच्या सावलीत, दुसरं उन्हात. कोणतं कुणाला, याची चिठ्ठी काढली, तर माझ्या हातच्या मशीनला सावली आली.

"तात्या, हे बरोबर नाही," मी म्हटलं. "ऊन लागलं की मशीन तापतं, तापलं की आपोआप हळू होतं. दोन्ही सावलीत ठेवा."

"चिठ्ठी निघाली."

"अहो, पण मी माझ्याच विरुद्ध सांगतेय."

"म्हणूनच ऐकून घेतलं," तात्या म्हणाले आणि झेंडीवाल्याला खूण केली.

झेंडी पडली. मी दोन्हींची कळ एकदम दाबली. दोन्ही पडद्यांवर पट्ट्या सरकू लागल्या, सावलीतल्या मशीनवर निळी, उन्हातल्यावर हिरवी. लाऊडस्पीकरवर भिवा होता. दरवर्षी पटाचं वर्णन तोच करतो, आणि बैलाशिवाय दुसरं काही त्यानं कधी वर्णिलेलं नाही. "निळा सुटला," तो म्हणाला. "हिरवा बी बराबरीनं. निळ्यानं मान पुढं काढली. हिरव्याचा श्वास ऐका मंडळी, श्वास ऐका." तो लॅपटॉपच्या पंख्याचा आवाज होता. उन्हातलं मशीन तापून घरघरत होतं, आणि लोक त्याला हाळ्या देत होते. काही जणांनी शेपटी पिरगाळण्याचा आग्रह धरला, तेव्हा तात्यांनी चार्जरच्या वायरीला कुणी हात लावायचा नाही अशी तंबी दिली.

निम्म्यापर्यंत दोन्ही पट्ट्या सारख्या होत्या. मला माहीत होतं त्या सारख्याच राहणार. मी मनातल्या मनात लॅपटॉप भरून ठेवायला लागले होते. मग उन्हातला हिरवा हळू झाला. आधी जरासा, मग चांगलाच. सावलीतला निळा आपल्या चालीनं गेला आणि पोचला. हिरव्याला पोचायला इतका वेळ लागला की लोक तोपर्यंत गुलाल घेऊन आले होते. मी ओढणी टाकून मशीन झाकलं, तर गुलाल माझ्या डोक्यावर पडला.

"तात्या, हे माझ्या पॅकेजमुळं झालं नाही," मी ओरडूनच सांगितलं. "त्याला ऊन लागलं."

"ऊन कुणाला लागत न्हाई?" तात्या म्हणाले. आणि निकाल लागला.

घरी आल्यावर सासूबाईंनी मशीनला ओवाळलं. मामांनी स्वतःच्या हातानं ते स्लॅबच्या खोलीत नेऊन पाटावर ठेवलं, हार घातला. भारत शिफ्ट संपवून येताना जुन्या जालन्यातून कूलर घेऊन आला, म्हणाला, आबांनीच सांगितलं, म्हणजे मामांनी. मला वाटलं, देव पावला. रात्री गाढ झोपले.

सकाळी खोलीकडे गेले तर मामा दारात बाज टाकून.

"मामा, आत जाऊ द्या. काम आहे."

"कशाचं काम? ते पट जिंकलंय. जिंकलेलं जनावर कामाला जुंपत न्हाईत."

"ते मशीन आहे."

"मला काय दिसत न्हाई का मशीन हाये ते?" मामा शांतपणे म्हणाले. "पण जिंकलंय ना? माझा आधीचा बैल जिंकल्यावर मी त्याला एक तास औताला लावलं न्हाई. मंग सुनेच्या मशीनला लावू? लोक काय म्हणतील, काकासाहेब सुनेच्यात न् आपल्यात फरक करून राह्यला."

मी हरलेलं मशीन उचललं आणि वजीरशेजारी पत्र्याखाली गेले. तिथं रेंज नाही. बांधावर गेले, तर रेंज आली पण उन्हात पडदा दिसेना. आठवडाअखेर सगळी पॅकेजं कंपनीला द्यायची होती. माझ्या वरिष्ठ तृप्ती मॅडम पुण्याहून म्हणाल्या, "शीतल, असंच चाललं तर मला हे दुसऱ्या कुणाला द्यावं लागेल." त्यांना मी काय सांगणार, की माझा लॅपटॉप निवृत्त झालाय? फोन ठेवला आणि गुलालानं अजून लाल असलेलं डोकं घेऊन थेट मच्छिंद्रतात्यांच्या घरी गेले.

तात्यांनी सगळं ऐकलं. काकासाहेबांचं बराबर आहे, म्हणाले. जिंकलेलं जनावर जुंपता येत नाही. मी उठायला लागले, तसा त्यांनी हात वर केला.

"पण पटाचं जनावर एकटं बी सोडत न्हाईत. कुणी डोळा ठेवला, कुणी काही खाऊ घातलं, मंग? त्याच्यापाशी हरवक्त माणूस लागतं. आन् ज्याच्या हाताची सवय हाये तेच माणूस लागतं." ते चप्पल घालून माझ्याबरोबर निघाले. दारात उभं राहून त्यांनी मामांना हे ऐकवलं, आणि मामांनी बिलकुल हुज्जत न घालता बाज बाजूला ओढली. हरलेलं मशीन आत नेऊ का, असं मी विचारलं. "हरलेल्याला कामाची बंदी न्हाई," तात्या म्हणाले.

तेव्हापासून मी पुन्हा खोलीत आहे. जिंकलेलं मशीन हार घालून पाटावर असतं, कूलरचं तोंड त्याच्याकडे. मी त्याच्या बाजूला हरलेल्यावर काम करते. त्यावर माझी पॅकेजं चढवली, दोन मशीनची तुलना एकावरच आलटूनपालटून केली, नाकी नऊ आले, पण आठवडाअखेरची पॅकेजं वेळेत गेली. तृप्ती मॅडम खूश झाल्या. घरात ते कुणाला सांगितलं नाही. सांगितलं असतं तर या मशीनलाही हार पडला असता.

दुसऱ्या दिवशी करायला काहीच नव्हतं. मी खुर्चीत मागे रेलले होते, पाय लांब केलेले, डोळे मिटलेले. बाहेर घनसावंगीकडचे चार पाहुणे आले होते, मशीन बघायला. त्यांचा मोठा आवाज, चपलांचा आवाज. दाराला हात लागला, तसा मामांचा आवाज आला, दबका.

"थांबा. हळू बोला जरा. सून कामावर हाये. सकाळधरून उठली न्हाई, जेवली बी न्हाई अजून."

बाहेर सगळे गप्प झाले. मी एक डोळा किलकिला केला, तर सासूबाई शेवयांची परात उचलून दुसरीकडे नेत होत्या, तिचाही आवाज होऊ न देता. तीन वर्षं मी याच खुर्चीत मरमर राबले, तेव्हा यातलं एक वाक्य कुणी बोललं नव्हतं. मला इतका राग आला की डोळे भरून आले, आणि इतकं बरं वाटलं की त्या रागाचं काय करावं कळेना. भूक लागली होती. पण उठून बाहेर गेले असते तर ती शांतता मोडली असती, म्हणून ओढणीनं डोळे पुसले आणि पाहुणे जाईपर्यंत तशीच थांबले.