गौरीचा नवस

पांढरकवड्यात सुनीतीबाईंची चूक काढायची कोणाची छाती नव्हती. मुलींच्या शाळेत त्या विज्ञान शिकवायच्या. आठवीला शरीराचा धडा आला की बाकीचे शिक्षक ‘घरी वाचून या’ म्हणून हात झटकायचे. सुनीतीबाई मात्र फळाभर आकृती काढायच्या आणि पाळी म्हणजे काय, का येते, कधी थांबते, हे सगळं दारं-खिडक्या सताड उघड्या ठेवून खणखणीत आवाजात सांगायच्या. लाजेपायी माणसं मरतात, असं त्यांचं ठाम मत. अशा बाईच्या घरात दिव्याखाली अंधार आहे असं कोणी म्हटलं असतं, तर त्यांनी त्याला बाकावर उभं केलं असतं.

आणि अंधार तरी कसला, तर सगळ्या कॉलनीनं ओवाळावा असा.

त्यांची गौरी कॉलेजच्या दुसऱ्या वर्षाला होती. उन्हाळ्यात एका लग्नात काढलेला फोटो पाहून यज्ञेश्वररावांनी, म्हणजे तिच्या बाबांनी, ‘आमची लेक खात्यापित्या घरची दिसते हो’ असा विनोद केला होता. सगळे हसले, गौरीही हसली. आषाढात तिनं तेलकट सोडलं. चातुर्मास लागला तशी एक वेळ जेवायचा नेम धरला. मग श्रावणी सोमवार, शनिवार, संकष्टी, प्रदोष, दोन्ही एकादश्या. पंचांगात उपवासांना काय तोटा, हुडकणाऱ्याला रोज एक सापडतो. महालक्ष्म्यांच्या जेवणाला सोळा भाज्यांचा स्वयंपाक झाला, तेव्हा ही पोरगी वाढायलाच इतकी धावली की ती स्वतः जेवली की नाही, हे कोणी विचारलंच नाही.

नवरात्र आलं आणि ती नवस बोलली. नऊही दिवस लिंबूपाण्यावर राहायचं आणि केळापूरच्या जगदंबेला सकाळ-संध्याकाळ अनवाणी चालत जायचं. दुपारी मैत्रिणीकडे म्हणून ती जायची, तीही चालतच.

सुनीतीबाईंची छाती फुगली. त्यांचे स्वतःचे नवरात्राचे उपवास लग्नापासून कधी चुकले नव्हते, बाळंतपणाच्या वर्षीसुद्धा त्यांनी सासूचं न ऐकता ते केले होते. आजकालच्या पोरी मोबाईलमध्ये तोंड खुपसून बसतात आणि आपली लेक बघा, असं त्या स्टाफरूममध्ये दोनदा तरी बोलून चुकल्या होत्या. शेजारची गुंजनची आई तर रोज फाटकात उभी राहून म्हणायची, “काय पोरगी हाय मॅडम तुमची. आमच्या गुंजनले पाहा, अजून पांघरुणातून निघून नाही राह्यली.”

सातव्या माळेला संध्याकाळी आरतीला बायका जमल्या. आरती झाली, गौरी प्रसाद वाटू लागली. गुंजनची आई केळ्याची फोड तोंडात टाकत म्हणाली, “माहं तर दरसाली ऐन नवरात्रात नेमकं देवळात जाणं बंद होते. यंदाही तिसऱ्या माळेलेच अडचण आली. गौरीचं बरं हाय बाई.”

“मला येतच नाही काकू,” गौरी हसून म्हणाली. “आषाढापासून एकदाही नाही.”

“देवीची कृपा म्हणा. तिनंच मोकळी करून ठेवली पोरीले.”

आणि त्या बाईनं खाली वाकून गौरीच्या पायांना हात लावला. ‘कृपाच ती’, ‘भाग्य लागतं’, असं बाकीच्याही म्हणाल्या. सुनीतीबाई कौतुकानं मान डोलावत होत्या. मग ती मान थांबली.

आषाढ, श्रावण, भादवा, आश्विन. वीस वर्षं फळ्यावर काढलेली आकृती त्यांच्या डोळ्यांसमोर आली. बायका गेल्यावर त्यांनी लेकीकडे पाहिलं, पहिल्यांदाच नीट पाहिलं. ऑक्टोबरच्या उकाड्यात अंगात स्वेटर. बांगड्या निसटू नयेत म्हणून दोऱ्यानं बांधलेल्या. हातांवर नव्यानं उगवलेली बारीक लव. यातली प्रत्येक गोष्ट त्यांना आधी दिसली होती, आणि प्रत्येकीला त्यांनी उत्तर शोधून ठेवलं होतं: थंडी बाधली असेल, बांगड्या मोठ्या आल्या असतील. स्वतःची इतकी लाज त्यांना आयुष्यात कधी वाटली नव्हती. पण लाजत बसणाऱ्यातल्या त्या नव्हेत. त्यांनी लेकीचा हात धरला आणि तशीच रिक्षात घातली.

डॉ. उज्ज्वला राठोड यांचा दवाखाना बसस्टँडजवळ होता. दिग्रसकडच्या तांड्यातून शिकून वर आलेली बाई, बोलणं सरळसोट. त्यांनी गौरीची नाडी बराच वेळ धरून ठेवली. किती चालतेस, रात्री खोलीत उड्या मारतेस का, दिवसात काय काय पोटात जातं, सगळं विचारलं. गौरीनं अर्धं सांगितलं, अर्धं सांगितलं नाही. मग त्या सुनीतीबाईंकडे वळल्या.

“मॅडम, घरात खर्चाला पैसा नसला की माणूस एकेका खोलीतला दिवा बंद करते. हिच्या शरीरानं तेच केलं. पहिला दिवा पाळीचा विझवला. आता हृदयाची पाळी आली आहे, नाडी फार हळू चालून राह्यली. हा आजार आहे. जिवावर बेतू शकते.”

“उपवास बंद करते,” सुनीतीबाई म्हणाल्या.

“नुसता उपवास नाही, चालणंही बंद. तेही ह्याच आजाराचं आहे. उद्या दुपारी यवतमाळच्या मोठ्या दवाखान्यात घेऊन जा, मी तिथे फोन करते. तोवर थोडं थोडं साधं जेवण. एकदम भरवू नका, तेही धोक्याचं असते. आणि एकटीले ताट देऊ नका. कोणीतरी सोबत बसून तेच जेवायचं.”

घरी येताना गौरी रिक्षात एकच म्हणाली, “नवमीपर्यंत थांब ना आई. नवस मोडला तर देवी कोपेल.”

सुनीतीबाईंकडे याचं उत्तर सकाळपर्यंत तयार होतं.

आठव्या माळेला उजाडायच्या आधी गौरी दाराची कडी काढायला आली, तर दारात आईच उभी. नऊवारी नेसलेली, अनवाणी.

“तू बस. तुझा नवस मी फेडते. लेकरू आजारी असलं तर आईनं नवस फेडलेला देवीला चालतो. आजच्या आणि उद्याच्या सगळ्या फेऱ्या माझ्या. कोपायचं काही कारण उरलं नाही.”

असं काही होईल हे गौरीच्या ध्यानीमनी नव्हतं. ती कडीला हात लावून उभी राहिली.

“पण मग माझं काय?”

“तुझं काय म्हणजे? नवस फिटला.”

“माझं चालणं,” गौरी म्हणाली. “तू चाललीस तर माझं चालणं कसं होईल?”

गौरीच्या तोंडून शब्द निसटला होता, तो आता मागे घेता येत नव्हता. ती दाराशी खाली बसली आणि तिला रडू फुटलं.

“मी देवीला पाहिलंच नाही, आई. एकदाही नाही. तिथे रांग असते. रांगेत नुसतं उभं राहावं लागतं, पाय थांबतात. मग मला वाटतं, सगळं परत अंगावर चढेल. म्हणून मी पायऱ्यांना हात लावते आणि वळते. पायऱ्यांशी कोणी प्रसाद दिला तर तो वाटेतल्या गाईला घालते. मला देवीसाठी जायचंच नव्हतं. तसं सांगितलं की कोणी अडवत नाही, म्हणून सांगितलं.”

वीस वर्षं पोरींच्या चोऱ्या पकडणाऱ्या बाईला घरातल्या पोरीनं ताकास तूर लागू दिली नव्हती. पण सुनीतीबाईंना राग आला नाही. त्यांना भीती वाटली, आणि भीतीच्या मागोमाग एक विचित्र बळ आलं. आता निदान शत्रू कोण ते कळलं होतं. त्या लेकीशेजारी उंबऱ्यावर बसल्या आणि तिचं डोकं त्यांनी मांडीवर घेतलं. किती हलकं लागत होतं ते.

तेवढ्यात फाटक वाजलं. गुंजनची आई आणि गल्लीतल्या दोघी-तिघी, हातात पूजेची ताटं. आज अष्टमी म्हणून गौरीसोबत केळापूरला चालत जायचं त्यांनी ठरवलं होतं.

“चालली का आमची देवी?”

सुनीतीबाई उठून फाटकापर्यंत गेल्या.

“गौरी येणार नाही. ती आजारी आहे. तिची पाळी बंद झाली ती देवीची कृपा नव्हे, उपासमार आहे. पोटात अन्न नाही आणि पाय थांबत नाहीत, असा आजार आहे तो. काल डॉक्टरांनी सांगितलं.”

गुंजनच्या आईनं इकडेतिकडे पाहिलं. समोरच्या घरातले आजोबा अंगण झाडत होते. “हळू बोला ना मॅडम. पोरीची जात हाय. उद्या लग्नाचं पाहाल तर लोक काय म्हणतील?”

“हळू बोलण्यात चार महिने गेले. मी स्वतः तिचे गोडवे गात फिरले, आता मीच मोठ्यानं सांगते. आणि एक ऐका, तिच्या पाया पुन्हा कोणी पडायचं नाही. ती बारीक झाली, छान दिसते, असंही म्हणायचं नाही. घरी या, तिच्याशी पिक्चरच्या गप्पा मारा.”

बायका निघून गेल्या. कोपऱ्यावर जाऊन त्या कुजबुजल्या असतील, तर कुजबुजोत बापड्या.

आत येऊन सुनीतीबाईंनी हातपाय धुतले आणि कुकर लावला. आठव्या माळेच्या सकाळी त्या घरात वरणभात शिजायची ही पहिलीच वेळ. देवघरात घट, अखंड दिवा, वर टांगलेल्या माळा. त्याच्याच समोरच्या खोलीत त्यांनी दोन ताटं मांडली. मऊ भात, वरण, वर तुपाची धार. गौरी ताटावर बसली, पण मांडी घातलेला तिचा गुडघा सारखा हलत होता.

“तूप काढ.”

“नाही काढणार.”

“सगळ्यांना सांगितलंस तू. आता कॉलेजात कशी जाऊ मी?”

“माझ्यासोबत.”

गौरीनं दुसऱ्या ताटाकडे पाहिलं. “हे बाबांचं?”

“माझं.”

“तुझा उपवास आहे.”

“होता,” सुनीतीबाई म्हणाल्या, आणि त्यांनी भात कालवला. पहिला घास तोंडात घातला खरा, पण तो उतरेना. लग्नापासूनचा नेम होता. लेक टक लावून पाहत होती. बाईंनी घास गिळला.

“आता तू.”

“मला भीती वाटते, आई.”

“मलाही वाटते. घे.”

त्यांनी डावा हात लेकीच्या गुडघ्यावर ठेवला, दाबला नाही, नुसता ठेवला. गौरीनं बोटांच्या टोकांवर मावेल एवढा भात उचलला, खाली ठेवला, परत उचलला. मग डोळे मिटून तोंडात घातला आणि रडत रडत चावू लागली. सुनीतीबाईंनी दुसरा घास घेतला. गौरीला दुसऱ्या घासाला फार वेळ लागला. वरण गार झालं तरी बाई जागच्या हलल्या नाहीत.

यज्ञेश्वरराव आंघोळ करून, सोवळं नेसून पूजेला आले आणि दारातच थबकले. बायको अष्टमीच्या दिवशी घटासमोर भात खात होती.

“अहो, हे काय? आज तर...”

“तुमचंही ताट घ्या,” सुनीतीबाई मान वर न करता म्हणाल्या. “आणि खाण्यावरून एकही विनोद नको. आज नको, पुढेही नको.”

यज्ञेश्वररावांनी एकदा घटाकडे पाहिलं, एकदा लेकीच्या दंडाकडे. मग ते सोवळ्यातच स्वयंपाकघरात गेले, ताट वाढून घेऊन आले आणि गौरीच्या दुसऱ्या बाजूला बसले.