मागची धरून वीस

जुन्या राजधानीची पायी फेरी दगडी वेशीपासून सुरू होते आणि नदीच्या कठड्याशी संपते. मधे नऊ वळणं. एकतीस वर्षं ही वाट माझ्या आईबाबांनी मिळून चालवली. बाबा पुढे, बोलायला. आई मागे, कोणी राहून जाऊ नये म्हणून. दोघांच्या मधे वीस-पंचवीस परकी माणसं, तरी त्यांचं एकमेकांशी बोलणं चालूच असायचं, छत्रीनं. बाबा प्रत्येक वळणावर थांबायचे. शेवटचा माणूस वळला की आई निळी छत्री वर करायची, आणि मग बाबांचं पाऊल उचलायचं. छत्री दिसेपर्यंत गोष्टीतला राजासुद्धा मरायचा थांबलेला असे.

आई जाऊन चौदा महिने झाले. आता छत्री माझ्या हातात असते. सकाळी मी चष्म्याच्या दुकानात काचा घासते आणि आठवड्यातून तीन दुपारी बाबांची मागची होते. फेऱ्यांचे परवाने देणाऱ्या कचेरीच्या कागदावर आमच्या कामाला लांबलचक नाव आहे. आम्ही नुसतं ‘पुढचा’ आणि ‘मागची’ म्हणतो.

त्या दुपारी कचेरीतल्या बाई स्वतः फेरीला आल्या होत्या. महिन्याभरात बाबांची मोजणी दोनदा चुकल्याची तक्रार होती. बाबांच्या छातीवरचा पितळी बिल्ला पुन्हा मिळायचा की काढून घ्यायचा, ते आजच्या फेरीवर ठरणार होतं. बाबांनी सकाळी तो बिल्ला राखेनं घासला. दोनदा.

“काढूनच घेणार असतील तर चकचकीत तरी घेऊ देत,” ते म्हणाले.

“असं बोलू नका हो, बाबा.”

“बोलायचं नाही तर काय? बोलणं हाच माझा धंदा आहे.”

वेशीत माणसं जमली. पाहुणे अठरा, कचेरीतल्या बाई एकोणीस, आणि मी. आमच्याकडे मोजणी मागचीला धरून करतात. मागची दिसली तरच मोजणी पुरी. म्हणजे वीस. बाबा कुणाचं नाव लक्षात ठेवत नाहीत, अंगावरची एखादी खूण धरतात आणि बोट दाखवत मोजतात. दोन कॅमेरे. गवती टोपी. हसरी. हसरीचा नवरा, न हसणारा. वहीवाल्या आजी. या आजी अंगानं बारीक, पाठीला थोड्या वाकलेल्या, आणि बाबा जे बोलतील ते वहीत उतरवून घेत होत्या. बाबा भलतेच खूश झाले. आयुष्यभर बोललेलं वाऱ्यावर गेलं होतं, आज कोणीतरी ते खाली बसवून ठेवत होतं.

बोट शेवटी माझ्यापर्यंत आलं, आणि थांबलं नाही. माझ्या खांद्यावरून मागे गेलं.

“एकवीस,” बाबा म्हणाले.

“वीस, बाबा.”

त्यांनी माझ्याकडे पाहिलं. मग माझ्या मागे पाहिलं. तिथे वेशीची कमान होती आणि कमानीतून आलेला उन्हाचा एक तुकडा.

“हो, वीसच,” ते म्हणाले. “वीसच की.”

कचेरीतल्या बाईंनी काही लिहिलं नाही. फक्त पेनचं टोपण काढून ठेवलं.

वाटेला लागलो. आईनं या वळणांच्या ओव्या केल्या होत्या, स्वतःपुरत्या, चालता चालता गुणगुणायला. वेशीची माझ्या पायांनाच पाठ आहे :

*दगडी वेशीत*
*पुढे त्याची हाक*
*मागे माझा धाक*
*उशिराला*

पहिलं वळण बंद घड्याळाचं. हे घड्याळ राजधानी दुसऱ्या शहरात हलवली त्या दिवशी थांबलं, असं बाबा सांगतात. “खरं म्हणजे ते आधीपासूनच बंद होतं,” ते पुढे म्हणतात, “पण दरबार गेल्यावर लोकांना वर बघायला सवड मिळाली.” माणसं हसली. न हसणारासुद्धा थोडा हलला. मी मागे रेंगाळलेल्या गवती टोपीला पुढे घातलं आणि छत्री उचलायला हात वर नेला, तर बाबा आधीच चालू लागलेले.

हे चौदा महिने असंच चाललंय. एकदा घरी विचारलं होतं, “मी छत्री वर करायच्या आत निघता कसे?”

“छत्री दिसली म्हणून निघालो.”

“मी केलीच नव्हती, बाबा.”

“मला दिसली बुवा,” ते म्हणाले आणि भाजी चिरत राहिले. मीही पुढे विचारलं नाही. दिसते तर दिसू दे, असं वाटलं. मला तर आईची छत्रीही दिसत नाही.

पाचव्या वळणावर पाण्याचं टाकं आहे. जमिनीखाली, चाळीस पायऱ्या उतरून. वेढा पडला तर शहराला वर्षभर पुरेल एवढं पाणी इथे साठवत. आता तळाला घोटाभर उरलंय, पण खांब अजून ओले असतात आणि छतातून थेंब पडत राहतात. एक थेंब पडला की त्याचा आवाज दूरच्या भिंतीपर्यंत जातो आणि बऱ्याच वेळानं परत येतो, तोवर तो कुणा दुसऱ्याचाच आवाज झालेला असतो. बाबा इथे बोलत नाहीत. माणसांना पाच मिनिटं गप्प उभं करतात. बोलक्या माणसाच्या फेरीतली ही पाच मिनिटंच लोकांना पुढे आठवतात.

टाक्याला वर लोखंडी दार आहे. उतारावर बसवल्यामुळे ते आपोआप मिटतं, आणि मिटलं की आतून उघडत नाही. म्हणून चढताना आई दाराला पाठ लावून उभी राहायची. सगळे बाहेर पडले की पाठ न काढताच खाली वाकून हाक द्यायची, आणि मगच दार सोडायची. मी लहानपणी सुट्टीत फेरीला यायची तेव्हा तिच्या पुढे असायची, शेवटून दुसरी. ती म्हणायची, “चल पुढे, बये. तुझ्यामागे मी आहे.”

त्या दिवशी मी चाळीस पायऱ्या चढले, दारातून बाहेर आले, उन्हात डोळे मिचकावले आणि चालत राहिले. मागे वळून पाहिलं नाही. दाराला पाठ लावली नाही. का, ते त्या क्षणी कुणी विचारलं असतं तर मी अगदी सहज सांगितलं असतं : मागे आई आहे ना.

वर पटांगणात बाबा मोजत होते. बोट फिरत फिरत माझ्यावर आलं, पुन्हा माझ्या खांद्यापलीकडे गेलं, आणि त्यांचा चेहरा उजळला.

“वीस,” ते कचेरीतल्या बाईंना ऐकू जाईल असं म्हणाले. “बरोब्बर वीस.”

मला एवढं हलकं वाटलं की मी स्वतः मोजलंच नाही. बाईंनीही मान डोलावली. आम्ही तिघं एकमेकांकडे बघून हसलोसुद्धा.

टांकसाळीच्या भिंतीपर्यंत पोचलो. तिथे बाबांनी एक साल सांगितलं, आणि लाडात येऊन विचारलं, “आता बघू, घड्याळ कोणत्या साली थांबलं? वहीवाल्या आजी सांगतील.”

कुणीच सांगितलं नाही.

बाबांनी पुन्हा विचारलं. माणसांनी इकडे तिकडे पाहिलं. दोन कॅमेरे म्हणाला, “त्या मघाशी खाली बसल्या होत्या. पायरीवर. मी फोटो काढला.” त्यानं फोटो दाखवला. अंधार, खांब, आणि कोपऱ्यात वहीचा पांढरा तुकडा.

“पण वीस भरले होते,” बाबा म्हणाले. त्यांचं बोट आपोआप उठलं. दोन कॅमेरे, गवती टोपी, हसरी... बोट माझ्यावर आलं. मग माझ्या मागे गेलं. आणि या वेळी ते कुठे जातंय ते बाबांनी स्वतः पाहिलं. माझ्या मागे टांकसाळीची भिंत होती. भिंतीत आणि माझ्यात कुणी उभं राहायलासुद्धा जागा नव्हती.

त्यांनी हात खाली घेतला आणि दुसऱ्या हातात धरून ठेवला.

“मी तिला मोजणीत धरलं,” ते म्हणाले.

मी पळत सुटले. ते मिटलेलं दार, ते चाळीस पायऱ्या अंधारात खाली बसलेलं माणूस, तो परत येणारा थेंबांचा आवाज. एवढंच डोक्यात. पटांगण ओलांडलं, कोपरा वळले, आणि पाय थांबले.

दार उघडं होतं.

सताड उघडं, पार भिंतीपर्यंत. ते दार असं उभं राहत नाही. दगड लावला तरी दगडाला घेऊन सरकतं. मी खाली पाहिलं, दगड नव्हता. पाचर नव्हती. वारा होता, माझा पदर उडत होता, दार हलत नव्हतं. त्याला कुणीतरी पाठ लावून उभं असावं तसं ते उभं होतं.

मी त्याला हात लावला नाही. अंग चोरून आत गेले, माणूस उभं असताना त्याच्या शेजारून जावं तशी.

वहीवाल्या आजी खालून तिसऱ्या पायरीवर बसल्या होत्या. चष्मा काढून पदराला पुसत होत्या. जाड काचांचा, असल्या काचा मी रोज घासते, त्या काढल्यावर चार हातांवरचं माणूस नुसता डाग दिसतं.

“आलात?” त्या म्हणाल्या. “या काचांवर सारखं बाष्प धरतंय. आणि मला ते थेंबांचं लिहून घ्यायचं होतं. दोन थेंबांमध्ये किती वेळ जातो ते.”

“आजी, घाबरला नाहीत? सगळे निघून गेले.”

“सगळे कुठे? त्या मागच्या बाई होत्या की.”

“मागची मीच आहे.”

“तुम्ही वर गेलात केव्हाच. त्या दुसऱ्या. दारात उभ्या होत्या, छत्री घेऊन. मी म्हटलं, अहो, मला उशीर होतोय का? तर म्हणाल्या, बसा निवांत, पोर येतेच आहे न्यायला.” चष्मा नाकावर चढवून त्यांनी माझ्याकडे, मग वर दाराकडे पाहिलं. “गेल्या वाटतं.”

छत्री माझ्या काखेत होती. आजींना हात दिला. चढताना त्या माझ्या पुढे, मी मागे. ती ओवी माझ्या ओठांवर आपसूक आली :

*काळोख्या टाक्यात*
*कोणी ना राहावं*
*शेवटी मी यावं*
*दारापाशी*

वर आल्यावर मी दाराला पाठ लावली. लोखंड पाठीच्या उंचीवर कोमट होतं. दुपारचं ऊन त्या बाजूला येत नाही. आजी बाहेर पडल्या. मी पाठ न काढता रिकाम्या टाक्यात वाकून हाक दिली, “कोणी आहे का?” माझाच आवाज दूर जाऊन बऱ्याच वेळानं परत आला, जरा थकलेला, जरा मोठ्या वयाचा. मग मी दार सोडलं. ते नेहमीसारखं आपलं आपण मिटलं.

उरलेली वळणं भराभर उरकली. नदीच्या कठड्याशी कचेरीतल्या बाईंनी बाबांना बाजूला घेतलं. मीही गेले.

“दार माझ्या हातून राहिलं,” मी म्हटलं. “मोजणीच्या आधीची चूक माझी आहे.”

“तू गप गं,” बाबा म्हणाले. “बाईसाहेब, माझी बायको होती मागची. एकतीस वर्षं. मी तिला मोजत आलो. तुम्ही कुठल्याही माणसाला एकतीस वर्षं मोजा आणि मग सोडून बघा.”

“तुमच्या घरातलं मला कळतं,” बाई म्हणाल्या. “पण पुढच्या खेपेला खाली राहिलेल्या माणसासाठी दार उघडं नसेल.” मग वही उघडली. “आता मोजा. मोठ्यानं. माझ्यासमोर.”

बाबा कठड्याला पाठ करून उभे राहिले. बिल्ला उन्हात चमकत होता. त्यांनी बोट उचललं. दोन कॅमेरे, एक. गवती टोपी, दोन. हसरी, तीन. हसरीचा नवरा, चार. कुणी हललं नाही, जणू सगळ्यांना फोटोसाठी उभं केलं होतं. वहीवाल्या आजी, बारा. त्यांनी शाळेतल्यासारखा हात वर केला. कचेरीतल्या बाई, एकोणीस.

बोट माझ्यावर आलं. “मागची धरून,” बाबा म्हणाले, “वीस.”

बोट तिथेच राहिलं. ते दोरीला बांधलेल्या वासरासारखं पुढे ओढ घेत होतं. बाबांचे डोळे माझ्या खांद्यावरून मागे गेले होते. बोट गेलं नाही. किती वेळ गेला कोण जाणे. आजींना सांगितलं असतं तर त्यांनी थेंबांत मोजून लिहिला असता.

मग त्यांनी मूठ मिटली. “वीस,” ते पुन्हा म्हणाले, अगदी हळू, कुणाला दारापर्यंत सोडून आल्यासारखं.

बाईंनी लिहिलं. बिल्ला राहिला.

माणसं पांगली. बाबा कठड्यावर बसले. मी शेजारी बसले.

“रागावली असेल का गं?”

“आई? कशाबद्दल?”

“मोजलं नाही म्हणून.”

मला दारातलं ते कोमट लोखंड आठवलं. आजी काय म्हणाल्या ते मी अजून बाबांना सांगितलं नव्हतं. सांगावं की नाही ते कळत नव्हतं. सांगितलं तर बोट पुन्हा पुढे जाईल अशी भीती वाटली.

“मागचीला मोजणीचा राग नसतो, बाबा,” मी म्हटलं. “ती फक्त कोणी राहिलं नाही ना, एवढंच बघते.”

त्यांनी मान हलवली. आम्ही परत निघालो, रिकाम्या वाटेनं, उलट्या वळणांनी. बाबा पुढे, मी मागे, सवयीनं. मनात आपोआप ओवी जुळत होती, आईच्याच चालीत, पण शब्द तिचे नव्हते :

*मोजणीत नाही*
*वाटेवर आहे*
*मागे कोणी राहे*
*माझ्या मागे*

बंद घड्याळाच्या वळणावर बाबा थांबले. आता मागे पाहुणे नव्हते, थांबायचं काही कारण नव्हतं. तरी ते माझ्याकडे तोंड करून उभे राहिले, वाट बघत. मी मागे वळून पाहिलं नाही. छत्री वर केली, चांगली उंच, आईचा हात पोचत नसेल तर तिच्याही वाटची.

बाबा चालू लागले.