पुष्पाबाईंचं मत

जालन्यात कंपनी सेक्रेटरी म्हणून माझी तीस वर्षं गेली. एवढ्या वर्षांत माझ्या हातून कायदा कधी चुकला नाही. एकदा चुकला असता तर बरं झालं असतं.

टेंभुर्णीची बियाण्याची कंपनी बद्रीनाथ आणि त्यांच्या पत्नी पुष्पाबाई यांनी उभी केली. कपाशीचं क्रॉसिंग, म्हणजे दोन वाणांचा संकर, पुष्पाबाई स्वतः करायच्या. संध्याकाळी फूल सोलायचं, सकाळी त्यावर दुसऱ्या वाणाचं फूल फिरवायचं आणि देठाला दोरा बांधायचा. बद्रीनाथ गेले तेव्हा मुलगा कल्याण म्हणाला, "काका, आईला साध्या शेअरऐवजी प्रेफरन्स शेअर द्या. तिच्या डोक्याला कशाला ताप?"

मी कागद केले. लाभांश इतर भागधारकांच्या आधी, कंपनी बुडाली तर भांडवलही त्यांच्या आधी, पण सभेत मत नाही. हे शेवटचं मी दोनदा वाचून दाखवलं. पुष्पाबाई हसल्या. "पोटच्या पोरासमोर मत कशाला लागतंय, भाऊ?" पोळ्याला पहिला मान मिळाल्यासारख्या खुशीत त्यांनी सही केली.

यंदा कल्याणनं क्रॉसिंगचा प्लॉट विकायचा ठराव आणला. पुष्पाबाई जाफराबादहून एसटीनं थेट माझ्याकडे आल्या.

"त्या प्लॉटात आमचा जन्म गेला, भाऊ. तो इकू देऊ नका. मला कायी बोलता येतंय का न्हाई?"

येत होतं. दोन वर्षं लाभांश थकला की प्रेफरन्सवाल्यालाही प्रत्येक ठरावावर मत मिळतं, आणि त्यांचा तर तीन वर्षं थकला होता. ठरावाला तीन चतुर्थांश मतं हवी होती. त्यांची विरोधात पडली की ठराव आडवा. मी तसं सांगितलं. त्यांनी पदरानं डोळे पुसले.

दुसऱ्याच दिवशी कल्याणचा फोन आला. "काका, आई म्हणते तिला मत आहे. कसं काय?"

मी कायदा सांगितला.

"मंग थकलेला सगळा चुकता केला तर?"

इथं गप्प बसायचं होतं. पण कंपनीची फी खातो ना मी! म्हणालो, "तर मत जातं."

सभेच्या आदल्या दिवशी पुष्पाबाई पुरणपोळीचा डबा घेऊन आल्या. "कल्याण सोता घरी आल्ता, भाऊ. तीन वर्षांचा हिस्सा हातात दिला, पाया पडला. मी देवापुढं ठिवला. पोराला आईची आठवण झाली बगा."

मी दोन पोळ्या खाल्ल्या. खरं सांगायची हिंमत झाली नाही. त्याची लाज अजून वाटते.

सभेत ठराव वाचून झाला. "विरोधात कोण?" म्हणताच पुष्पाबाईंनी हात वर केला. कल्याणनं माझ्याकडे पाहिलं. सांगणं माझंच काम होतं.

"वहिनी, तुमचा लाभांश चुकता झालाय. आता तुम्हाला मत नाही."

हात तसाच वर राहिला. त्या माझ्याकडे वळल्यासुद्धा नाहीत. लेकाला म्हणाल्या, "म्हणून आल्ता का रं तू?"

कल्याण कागद चाळत राहिला. मग त्यांनी हात खाली घेतला आणि मांडीवर ठेवला.

इतिवृत्त मीच लिहिलं. ठराव मंजूर, विरोधात कोणी नाही.