बावन्न हप्ते

आमच्या कपाटाच्या दाराला आतून एक आलेखाचा कागद चिकटवलेला आहे. त्यावर दोनशे चाळीस चौकटी आहेत. घराचं कर्ज घेतलं तेव्हा मी सात वर्षांची होते. बाबांनी पट्टीने रेघा मारल्या, आणि तेव्हापासून दर महिन्याच्या पाच तारखेला हप्ता गेला की आम्ही तिघं पाळीपाळीने एकेक चौकट रंगवत आलो. पाळी कधी चुकली नाही. मला कांजिण्या झाल्या होत्या तेव्हा आईने कागद सोडवून पलंगापाशी आणला होता.

त्या रविवारी एकशे अठ्ठ्याऐंशी रंगवून झाल्या होत्या. उरल्या बावन्न.

बाबा बाटल्यांच्या कारखान्यात तपासणीवर आहेत. समोरून बाटल्या सरकत जातात आणि मागच्या उजेडात तडा दिसला की ते ती बाटली उचलून बाजूला टाकतात. बावीस वर्षं हेच काम. आता तिथे कॅमेरे बसवणार होते. तपासणीतल्या माणसांना दोनच वाटा दिल्या होत्या. एक तर शुक्रवारी दुपारी बारापर्यंत सही करून साडेसात लाख घ्यायचे आणि कायमचं घरी बसायचं, नाहीतर पॅकिंगला जायचं. पॅकिंग म्हणजे दिवसभर खोकी उचलणं. बाबा त्रेपन्न वर्षांचे आहेत आणि त्यांच्या मणक्यातली एक गादी सरकलेली आहे. मोजे घालतानाही ते आधी पलंगाची कड धरतात.

"बावन्न गुणिले सोळा हजार सातशे एकोणतीस," बाबा पाठीमागे उशी घेत म्हणाले. "आठ लाख सत्तर हजार. मिळणार साडेसात. सव्वा लाख कुठून आणू? चला, खोकी उचलू."

त्यांचा एक मित्र काच आणि आरशांचं दुकान चालवतो. तो त्यांना अर्धा दिवस बसून करायचं काम द्यायला तयार होता. त्या पगारात स्वयंपाकघर चाललं असतं, हप्ता नाही. कर्ज एकरकमी फिटलं तरच बाबा सुटणार होते.

मी पाणी तपासणाऱ्या प्रयोगशाळेत काम करते. गुणाकार बघितला की तो बरोबर आहे का यापेक्षा तो इथे लागू पडतो का, हे आधी बघायची मला सवय आहे. इथे तो लागू पडत नव्हता. उरलेल्या हप्त्यांत पुढच्या काळाचं व्याजही असतं. आजच पैसे भरले तर ते व्याज द्यायचंच नाही. मी मूळ कागद काढला. वीस लाख, आठ टक्के, वीस वर्षं. वहीत सूत्र मांडलं, आकडा काढला, पुन्हा काढला.

"बाबा, आठ सत्तर नाही. सात लाख तेहतीस हजार."

"म्हणजे?"

"म्हणजे साडेसात पुरतात. वर सतरा हजार उरतात."

बाबांनी वही स्वतःकडे ओढून आकडा वाचला. मग आईला हाक मारून म्हणाले, "ऐकलंस का? आपली शास्त्रज्ञ म्हणते, घर मोकळं झालं." त्यांनी त्याच संध्याकाळी फॉर्म भरला. सही तेवढी कारखान्यात अधिकाऱ्यासमोर करायची होती. फॉर्म फ्रिजवर ठेवला आणि वर डोकेदुखीच्या मलमाची बाटली ठेवली, उडू नये म्हणून.

आमच्या प्रयोगशाळेत एक नियम आहे. नमुना तपासल्याशिवाय अहवाल द्यायचा नाही. पाणी कितीही स्वच्छ दिसो. मी तो नियम नोकरीच्या पहिल्या आठवड्यात शिकले होते, आणि घरी रविवारी मोडला.

बुधवारी जेवणाच्या सुट्टीत मी बँकेत गेले ते फक्त आकड्यावर शिक्का घ्यायला. कर्जाच्या काउंटरवर एक बाई होत्या. चष्मा कपाळावर, समोर अर्धवट सोललेलं संत्रं. बाबांनी लिहून दिलेली परवानगीची चिठ्ठी बघून त्यांनी कर्जाचा क्रमांक टाकला.

"शिल्लक बारा लाख एक्क्याऐंशी हजार सहाशे."

"नाही, तो दुसरा कुणाचा तरी असेल."

"नाव वाचू का? पत्ता वाचू?" त्यांनी दोन्ही वाचले. आमचेच होते.

"पण बावन्नच हप्ते उरलेत."

"एकशे एकोणीस. शेवटचा जरा छोटा असेल." त्यांनी चष्मा खाली घेतला आणि माझ्याकडे नीट पाहिलं. "बस. ती खुर्ची घे. व्याजदर बदलता आहे, माहीत आहे ना? तीन वर्षांनी आठाचा साडेनऊ झाला. हप्ता वाढला नाही, मुदत वाढली. दोनशे चार उरले होते, त्याचे दोनशे एक्काहत्तर झाले."

सदुसष्ट महिने जास्त. दीड टक्क्यासाठी. मी ते डोक्यात उलटसुलट करून बघत होते. पहिल्या तीन वर्षांत आम्ही सहा लाख भरले होते आणि मुद्दल कमी झालं होतं एक लाख अडतीस हजारांनी. त्यावर दर वाढला. आता सोळा हजारांच्या हप्त्यातले चौदा हजार सातशे व्याजात जाऊ लागले, दोन हजारसुद्धा कर्जाला लागेनात. मुदत तर लांबणारच. गणितात काहीच चुकलेलं नव्हतं. आम्ही आतापर्यंत साडेएकतीस लाख भरले होते. घेतले होते वीस. आणि अजून बारा लाख ऐंशी हजार होते तिथेच.

"कुणाला न विचारता वाढवली?"

"विचारलं होतं की." त्यांनी पडदा माझ्याकडे वळवला. एका पत्राची प्रत होती. दोन पर्याय: हप्ता सतराशे पाचने वाढवावा आणि मुदत तीच ठेवावी, किंवा हप्ता तोच ठेवावा आणि मुदत वाढवावी. दुसऱ्यापुढे बरोबरची खूण होती. खाली सहकर्जदाराची सही. ती सही माझ्या शाळेच्या प्रत्येक प्रगतिपुस्तकावर आहे.

बाई म्हणाल्या, "सगळे हाच पर्याय घेतात गं. दहातले नऊ." आणि संत्र्याची एक फोड माझ्यापुढे सरकवली. मी खाल्ली. त्यानंतर दिवसभर मी जे काही मोजलं ते तीन तीनदा मोजलं.

घरी गेले तेव्हा आई शिलाई मशिनवर पडद्यांना काठ घालत होती. बाबा यायला तासभर होता. मी तिला सगळं सांगितलं. तिने पाय थांबवला, पण हात कापडावरून काढला नाही.

"आठवतंय मला ते पत्र," ती म्हणाली. "ह्यांना तेव्हा कावीळ झाली होती. महिनाभर बिनपगारी. त्यात दोन खण होते. एकात हप्ता वाढणार, एकात हप्ता तोच. सतराशे रुपड्या कुठून आणायच्या होत्या मी? तुझ्या शाळेची फी एवढी होती."

"दुसऱ्या खणात मुदत वाढणार असं लिहिलं होतं."

"हो ना. मुदत वाढवून दिली की उपकारच वाटतो माणसाला. दुकानदार देतो, वीजवाले देतात. मला वाटलं, अडचण असली तर उशीर चालेल असं म्हणताहेत. आपण तर उशीर केलाच नाही कधी. म्हणून मी ते विसरूनही गेले." थोड्या वेळाने तिने विचारलं, "किती पडलं ते मला?"

मी सांगायला नको होतं, पण तिने विचारलं आणि मला आकडा माहीत होता. "सतराशे दर महिन्याला दिले असते तर सगळे मिळून साडेतीन लाख गेले असते. आता अकरा लाख जातील."

"आवळा देऊन कोहळा काढला की गं," आई म्हणाली. हसायचा प्रयत्न होता तो. "ह्यांना तू सांग. तुला आकडे येतात. मला नुसतं रडू येईल."

त्या दिवशी बाबांनी येताना मित्राच्या दुकानातून एक लाकडी स्टूल आणलं. "माझी नवी खुर्ची. उंची बघ, कंबरेला बरोब्बर." मला सांगता आलं नाही. मी स्वतःला म्हटलं, आणखी एकदा हिशेब तपासू. तपासला. तोच आला.

गुरुवारी संध्याकाळी सांगितलं. बाबा त्या स्टुलावरच बसले होते. मी वही उघडली आणि आधी माझी चूक सांगितली. दर बदलला असेल हे मी धरलं नव्हतं, आणि न तपासता सांगून टाकलं. मग बाकीचं. सहीचं आईनेच मध्ये बोलून सांगितलं.

बाबा आईकडे बघून म्हणाले, "मी पिवळा पडलो होतो आणि तू एकटीने बँक सांभाळलीस. बरं केलंस." मग माझ्याकडे वळले. "म्हणजे साडेसात लाख भरून?"

"पाच लाख बत्तीस हजार उरतात. याच हप्त्याने सदतीस महिने. ते मी भरीन."

"तुझा पगार एकोणीस हजार. त्यातले पावणेसतरा?"

"तीनच वर्षं आहेत."

"आणि दर परत वाढला तर? तुझी नोकरी गेली तर? माझ्या हातात साडेसातातलं काही नाही, अर्ध्या दिवसाचा पगार, आणि सही तर परत घेता येत नाही." त्यांचा आवाज चढला नव्हता, म्हणून जास्त भीती वाटली. "बरं, नाही केली सही. मग?"

"आहे तसं चालू ठेवलं तर जवळजवळ दहा वर्षं. तुमच्या निवृत्तीला सात आहेत. पण हप्ता वाढवला, मी आठ हजार घातले, तर सदुसष्ट महिन्यांत संपतं. साडेपाच वर्षं."

"आठ हजारांनी दहाची साडेपाच?"

"वरचे सगळे पैसे थेट मुद्दलात जातात."

"हे आधी कुणी सांगितलं असतं तर," बाबा म्हणाले आणि थांबले. सांगणार कोण होतं? ते उठले. आधी भिंत धरली, मग सरळ झाले. "बघू. झोपू दे मला."

शुक्रवारी सकाळी मी उठले तेव्हा ते गेले होते आणि फ्रिजवर फॉर्म नव्हता. मलमाची बाटली तेवढी होती.

प्रयोगशाळेत मी नमुन्यांवर चिठ्ठ्या लावत होते. अकरा चाळीसला फोन केला, उचलला नाही. कारखान्यात फोन पेटीत ठेवावे लागतात हे मला माहीत होतं, तरी परत केला. बारा वाजले. सही झाली असेल तर झाली होती. सदतीस महिने भरायला जमतील का, हे मी चिठ्ठीच्या मागे मांडत बसले. बारा वीसला त्यांचा फोन आला. मागे खोकी आदळल्याचा आवाज येत होता.

"नाही केली सही. सोमवारपासून पॅकिंग. साहेब म्हणाला, काय हो, सोमवारी तर पेढे वाटायच्या बेतात होतात. म्हटलं, हिशेब पिकायला वेळ लागतो." जरा थांबून म्हणाले, "उद्या बँक उघडी असते ना?"

शनिवारी आम्ही दोघं त्याच काउंटरवर उभे होतो. बाईंनी हप्ता वाढवण्याचा अर्ज दिला. बाबांनी तो सगळा वाचला, मागची बारीक अक्षरंही. मागे रांग चुळबुळत होती. रकमेच्या जागी आले तेव्हा त्यांनी पेन थांबवलं.

"सहा हजार लिहितो."

"आठ ठरलंय, बाबा."

"तुला पुढे शिकायचंय. दोन तुझ्याकडे राहू देत."

मी डोक्यातच हिशेब केला. नको होता करायला, पण तो होतोच. "दोन हजारांनी सदुसष्टचे पंच्याहत्तर होतात. आठ महिने वाढतात."

"कुणाचे?"

"तुमचे."

"मग ते मी बघतो," ते म्हणाले, आणि ठळक अक्षरांत सहा हजार लिहून सही केली. बाईंनी दोन ठिकाणी शिक्का मारला आणि प्रत फाडून दिली. बाबा एक हात कंबरेवर ठेवून दरवाज्याकडे निघाले. आता दोन हजारांसाठी आठ महिने जास्त ते खोकी उचलणार होते, आणि त्यांना तो सौदा स्वस्त वाटत होता.

मी काउंटरवरच रेंगाळले. "बाई, हप्त्याशिवाय वेगळे पैसे भरायचे असतील तर ते कर्जदारानेच भरायला हवेत का?"

"नाही. कुणीही भरावेत. भरणा चिठ्ठीवर कर्जाचा क्रमांक घालायचा आणि 'मुद्दलात' असं लिहायचं. ते लिहिलं नाहीस तर पुढच्या हप्त्याचे म्हणून जमा होतील." त्यांनी एक कोरी चिठ्ठी पुढे केली. "मात्र कर्जदाराला लगेच संदेश जातो हं. चोरून होत नाही."

बाबा दारात थांबून मागे बघत होते.

"गेला तर जाऊ दे," मी म्हटलं, आणि चिठ्ठीवर आधी 'मुद्दलात' लिहिलं.