कोटाला टाचलेली नोटीस

मास्तर खालच्या कोर्टात जिंकले होते, आणि गेलं वर्षभर गिऱ्हाइकाची बाही मोजता मोजताही ते ही हकीकत सांगत होते. त्यांचं शिवणकामाचं दुकान आणि शेजारच्या घड्याळवाल्यांचं दुकान यांच्या मधोमध जेमतेम दोन हात रुंदीची पट्टी होती. ती मिळाली की भिंत सरकणार आणि कापायचं लांब टेबल सरळ मावणार. तिरक्या टेबलाचा कोपरा अकरा वर्षं त्यांच्या कमरेत बसत आला होता.

घड्याळवाल्यांनी अपील केलं. मला न कळवता जागा मोजली, एवढंच त्यांचं म्हणणं.

सुनावणीच्या दिवशी वकील भाच्याने कोर्टाच्या जिन्यात बजावलं, "मामा, आत तोंड उघडायचं नाही."

"आणि विचारलं तर?"

"नाही विचारणार. अपिलात कागद बोलतात."

"मग मला इस्त्रीचा शर्ट घालून कशाला आणलंस?"

आत घड्याळवाले पुढच्या बाकावर बसले होते. भिंतीवरचं घड्याळ सात मिनिटं मागे होतं आणि त्यांना ते सहन होत नव्हतं. अंगात कोपरावर विरलेला स्वेटर. तो दिसल्यावर मास्तरांनी नजर फिरवली.

न्यायाधीशबाईंनी कागद चाळले. "मोजणीच्या नोटिशीची ही पोच. सही घड्याळवाल्यांची आहे?"

"त्यांच्या वतीने आहे, मॅडम," भाचा म्हणाला. "दुकान बंद होतं, म्हणून बेलिफाने शेजाऱ्याकडे दिली."

"कोणत्या शेजाऱ्याकडे?"

भाचा खाकरला. "त्यांना एकच शेजारी आहे, मॅडम."

मागच्या बाकांवर हसू फुटलं. बाईंनी चष्म्यावरून पाहिलं. "मास्तर, उभे राहा. नोटीस तुम्ही यांना दिलीत?"

"दिली" एवढं म्हटलं असतं तरी भागलं असतं. घड्याळवाल्यांच्या शब्दाविरुद्ध मास्तरांचा शब्द, आणि टेबल सरळ. मास्तरांची नजर पुन्हा त्या स्वेटरवर गेली.

"टाचली, मॅडम."

"म्हणजे?"

"यांच्या कोटाला टाचली. कमरेत सैल करायला टाकला होता. ज्याचा कागद त्याच्या कपड्याला टाचायचा, अशी माझी चाळीस वर्षांची पद्धत. कोट न्यायला आले असते तर नोटीस आपोआप मिळाली असती."

"भांडण झाल्यावर कोट मागायला कोण जाणार?" घड्याळवाले बाकावरूनच म्हणाले. "दोन हिवाळे काढले मी या स्वेटरवर!"

"मग मीही कशाला आणून देऊ?"

"दोघेही गप्प!" बाई म्हणाल्या. "मास्तर, मोजणीच्या दिवशी हे कुठे होते?"

"मुलीकडे, परगावी. कुलूप दिसत होतं."

"बरं. गिऱ्हाईक समोर नसताना तुम्ही कोट बेतता का?"

भाच्याने डोळे मिटले.

"छे!" मास्तरांचा आवाज चढला. "अंगावर माप घेतल्याशिवाय मी कात्रीला हात लावत नाही. ट्रायल झाल्याशिवाय शेवटची शिवण नाही. माणूस समोर हवा म्हणजे हवा!"

बोलून झाल्यावर आपण काय बोललो ते त्यांच्या लक्षात आलं, आणि कोणी सांगायच्या आत ते खाली बसले.

बाईंनी खालचा निकाल रद्द केला. जागा कोणाची यावर त्या एक अक्षरही बोलल्या नाहीत. नोटीस दोघांच्या हातात द्यावी, मोजणी दोघांसमोर करावी, मग खालच्या कोर्टाने पुन्हा ठरवावं, एवढंच.

जिन्यात भाचा कळवळून म्हणाला, "मामा, एकच शब्द बोलायचा होता!"

"खोटा होता रे."

"जवळजवळ खरा होता!"

"जवळजवळ मापाचा कोट तू घालतोस?"

भाच्याच्या अंगावरचा काळा कोट मामानेच शिवला होता. त्याने नकळत त्याची कॉलर सरळ केली.

नव्या मोजणीला फितीचं एक टोक मास्तरांनी धरलं, दुसरं घड्याळवाल्यांनी. फीत ढिली सोडल्याबद्दल दोघांनी एकमेकांना तीनदा दटावलं, आणि मोजणीदाराने दोघांना. रेघ चार बोटं मास्तरांच्या बाजूला सरकली. बाकी पट्टी मास्तरांचीच निघाली. घड्याळवाल्यांनी नकाशा भिंगातून पाहिला आणि सही केली. मास्तरांनीही केली. कोर्टाचा शिक्का उठायचा तेवढा बाकी राहिला.

मास्तरांनी आतून कोट आणला. पिवळी पडलेली नोटीस सोडवून घड्याळवाल्यांच्या हातात दिली आणि कोट त्यांच्या अंगावर चढवला. बटणं लागेनात.

"हेही माप माझ्या मागेच घेतलं वाटतं?"

"समोरच होतात. पोट मागाहून आलं. ताठ उभे राहा बघू."

घड्याळवाले ताठ उभे राहिले. डोळे मात्र तिरक्या टेबलावर होते.

"हे आता चार बोटांनी अडणार, मास्तर."

"अडणार."

"मग कापा की चार बोटं."

"कापतो," मास्तर तोंडातल्या टाचण्या सांभाळत म्हणाले. "पण त्या दिवशी मुलीकडे जाऊ नका. समोर हवेत तुम्ही."